केमनला नोकरी घेताय? मग हे बेट नेमकं कुणाचं ते आधी बघा

प्रश्न थोडक्यात असा आहे. पुण्यात फंड अकाउंटिंगमध्ये सहा वर्षं काढलेल्या एकाला कॅरिबियन समुद्रातल्या ग्रँड केमन बेटावरून ऑफर आली आहे. ते विचारतात: केमन हा स्वतंत्र देश आहे की ब्रिटनचा भाग? माझ्याकडे यूकेचा व्हिजिट व्हिसा आहे, तो चालेल का? पाच-सहा वर्षं राहिलं की ब्रिटिश पासपोर्ट मिळतो म्हणतात, खरं का? टॅक्स खरोखर शून्य आहे का? आणि वडिलांचं म्हणणं, ते काळ्या पैशाचं बेट, पुढे चौकशीचं झेंगट मागे लागेल.

मी सीए आहे. २०१० ते २०१९ अशी नऊ वर्षं केमनच्या राजधानीत, जॉर्ज टाउनमध्ये, गुंतवणूक फंडांच्या ऑडिटचं काम केलं. नऊच का, ते पुढे येईल. तुमचे पाचही प्रश्न मला तिथे जाण्याआधी पडले होते आणि मी प्रत्येकाचं वेगळं उत्तर शोधत बसलो होतो. त्यात चूक झाली, कारण ते सगळे मिळून एकच प्रश्न आहे. केमन ना धड स्वतंत्र, ना धड ब्रिटन. आपण याला त्रिशंकू अवस्था म्हणतो आणि बिचारा म्हणून सोडून देतो. या लोकांनी मात्र ती अवस्था मागून घेतली आहे आणि साठ वर्षं त्यावरच पोट भरलं आहे. एवढं नीट समजलं की बाकीचं आपोआप उलगडतं.

देश आहे की नाही, हे तुम्ही कुठल्या खिडकीसमोर उभे आहात त्यावर ठरतं. इमिग्रेशनच्या खिडकीवर तो पूर्ण वेगळा देश आहे. ऑलिंपिकमध्येही वेगळा, स्वतःच्या झेंड्याखाली उतरतो. पण संयुक्त राष्ट्रांत सदस्य नाही. तिथे 'स्वशासन नसलेले प्रदेश' म्हणून १७ जागांची एक यादी आहे, तीत केमनचं नाव आहे. कोर्टात शेवटचं अपील लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलकडे जातं. परराष्ट्र धोरण लंडनचं, कर स्वतःचे. कायद्याच्या भाषेत हा 'ब्रिटिश ओव्हरसीज टेरिटरी' आहे. असे एकूण १४ आहेत, आणि राजा एकच असला तरी ते युनायटेड किंग्डमचे भाग नाहीत. म्हणून तुमचा यूकेचा व्हिसा तिथे नोकरीसाठी उपयोगाचा नाही. लंडनमार्गे जाताना वाटेत उपयोग होईल, तेवढंच. मायामीमार्गे गेलात तर अमेरिकेचा ट्रान्झिट व्हिसा लागेल. केमनचे कागद वेगळे काढायचे.

आता हे असं का झालं? याची सुरुवात जमिनीपासून करावी लागते. तुमचा पगार जिथून येणार आहे ती गोष्टही त्या जमिनीतूनच निघते.

बेटं तीन: ग्रँड केमन, केमन ब्रॅक आणि लिटल केमन. तिन्ही मिळून साधारण २६४ चौरस किलोमीटर, म्हणजे बृहन्मुंबईच्या साधारण निम्मी जागा. क्यूबाच्या दक्षिणेला सुमारे २४० किलोमीटरवर आणि जमैकाच्या वायव्येला तीनशेच्या आसपास. ग्रँड केमन ३५ किलोमीटर लांब आहे आणि बहुतेक सगळे तिथेच राहतात. बाकीची दोन बेटं १४० किलोमीटरवर ईशान्येला, त्यांना 'सिस्टर आयलंड्स' म्हणतात. ही बेटं म्हणजे समुद्रात बुडालेल्या एका डोंगररांगेची वर आलेली टोकं. दक्षिणेला केमन ट्रेंच आहे, ७,६०० मीटरहून खोल. किनाऱ्यापासून थोडं पोहत गेलात की खालचा तळ एकदम नाहीसा होतो आणि निळं पाणी काळं होतं. पहिल्यांदा मी तिथून परत फिरलो होतो, हे कबूल करतो. पाणबुडे मात्र जगभरातून त्या भिंतीसाठीच येतात.

वरची जमीन मात्र अगदीच सपाट. सगळ्यात उंच जागा केमन ब्रॅकवरचा कडा, ४३ मीटर. ग्रँड केमनवर तर जिना चढल्याशिवाय उंचीच नाही. खडक चुनखडीचा. किनाऱ्यावर त्याची करवतीसारखी धार झालेली असते, त्याला तिथे 'आयर्नशोर' म्हणतात. चप्पल घालून त्यावर चालू नका. नदी एकही नाही. पाऊस पडतो तो दगडातून झिरपून जातो. पूर्वी लोक छपरावरचं पाणी टाक्यांत साठवत, आज समुद्राचं पाणी गोडं करून नळाला येतं आणि त्याचं बिल पहिल्या महिन्यात तुमचे डोळे उघडतं. सुपीक माती पातळ थरात, जिथे सापडेल तिथे. कोकणातल्या सड्यावरचा माणूस हे लगेच ओळखेल. योगायोगानं झाडंही ओळखीची निघतात: आंबा आहे, नारळ आहे, नीरफणस आहे. त्यांचा 'हेवी केक' ज्या कसाव्याच्या कंदापासून करतात त्याच कंदाचा आपला साबुदाणा.

नदी नाही, माती नाही, म्हणजे ऊस नाही. कॅरिबियनचा सगळा इतिहास उसाभोवती फिरतो. जमैका, बार्बाडोस, अँटिग्वा ही साखरेची बेटं. तिथे मोठे मळे आले, हजारो गुलाम आले, मळेवाल्यांची सत्ता आली. केमनकडे कुणाला फिरकावंसंच वाटलं नाही. कोलंबसाला १० मे १५०३ रोजी आपल्या चौथ्या सफरीत ब्रॅक आणि लिटल केमन दिसली, आजूबाजूला इतकी कासवं की त्यानं नाव ठेवलं 'लास तोर्तुगास' आणि तो पुढे निघून गेला. १५८६ मध्ये फ्रान्सिस ड्रेकचा तांडा येऊन गेला. मगरींवरून 'केमन' हे नाव पडलं. १६७० च्या माद्रिदच्या तहात स्पेननं जमैकावरचा इंग्लंडचा ताबा मान्य केला आणि ही बेटंही त्याबरोबर इंग्रजांकडे आली. किलोभर भाजीवर कोथिंबिरीची जुडी मिळावी तशी.

कासवं मात्र खरी संपत्ती होती. जहाजावर ती आठवडेच्या आठवडे जिवंत राहत, म्हणजे ताजं मांस. खलाशांनी इतकी मारली की अठराव्या शतकाच्या अखेरीस केमनभोवतीची कासवं संपत आली आणि केमनचे लोक त्यांच्या मागे क्यूबाच्या किनाऱ्याला, पुढे थेट निकाराग्वाच्या मिस्किटो बेटांपर्यंत जाऊ लागले. शेतकरी होणं नशिबी नव्हतं, म्हणून दर्यावर्दी झाले. जमीन अधिकृतपणे वाटली गेली ती १७३४ पासून पुढच्या काही वर्षांत.

म्हणून तिथे गुलामगिरी नव्हती, असं पर्यटकांना कुणी सांगितलं तर विश्वास ठेवू नका. १८०२ च्या गणतीत ग्रँड केमनवर ९३३ माणसं होती, त्यांतली ५४५ गुलाम. मळे लहान होते, मालक-गुलाम शेजारी राहत होते, एवढाच फरक. सुटका १८३५ मध्ये झाली; ३ मे ही तारीख त्यासाठी लक्षात ठेवतात. त्याआधी चार वर्षं, ५ डिसेंबर १८३१ ला, सॅव्हाना गावातल्या 'पेड्रो सेंट जेम्स' या दगडी घरात बैठक भरून निवडलेली विधानसभा असावी असं ठरलं होतं. ते घर आजही उभं आहे, जरूर जा. लोकशाहीचं जन्मस्थान म्हणून ते दाखवतात. अर्थात त्या बैठकीत निम्म्याहून जास्त बेट मोजलंच गेलं नव्हतं.

तुम्हाला टॅक्सबद्दलची एक दंतकथा पहिल्याच आठवड्यात कुणीतरी ऐकवेल. फेब्रुवारी १७९४ मध्ये 'कन्व्हर्ट' ही युद्धनौका आणि तिच्याबरोबरच्या ताफ्यातली नऊ व्यापारी जहाजं ग्रँड केमनच्या पूर्व टोकाला, ईस्ट एंडच्या प्रवाळावर आदळून फुटली. गावकऱ्यांनी रात्रीत होड्या घालून माणसं वाचवली. कथा अशी की वाचलेल्यांत राजघराण्यातला कुणी होता, म्हणून तिसऱ्या जॉर्जनं बेटाला कायमची करमाफी दिली. जहाजं फुटली ते खरं, करमाफीचा कागद कुठेच नाही. खरं कारण सोपं आहे: ज्या बेटावर कुणाकडे काही नव्हतं तिथे प्राप्तिकर लावायचा कुणावर? तेव्हापासून आयात मालावरच्या जकातीतून कारभार चालला, तो आजही बराचसा तसाच चालतो.

१८६३ मध्ये ब्रिटिश संसदेनं कायदा करून केमनला जमैकाच्या ताब्यात दिलं. पुढची शंभर वर्षं म्हणजे कोकणातल्या मनीऑर्डरीची गोष्ट. पुरुष बोटीवर, बायका सिल्व्हर थॅच या ताडाच्या झावळ्यांपासून दोर वळतात आणि घर चालवतात, पैसे बाहेरून येतात. १९३२ च्या नोव्हेंबरात वादळानं केमन ब्रॅकवर शंभराहून जास्त माणसं नेली. वाचलेली बरीचशी कड्याच्या गुहांत बसून वाचली. विमानतळ झाला १९५० च्या दशकात. डास एवढे की जनावरं गुदमरून मरत, असं म्हातारी माणसं सांगतात. १९६५ मध्ये डॉ. मार्को जिग्लिओली यांनी डास-संशोधन केंद्र उभं केलं, दलदली हटवल्या, फवारण्या केल्या. माझं ठाम मत आहे की केमनच्या श्रीमंतीचा पहिला शिल्पकार बँकर नव्हे, हा डासवाला शास्त्रज्ञ. डासांच्या बेटावर कोण हॉटेल काढतो?

१९६२ हे वळणाचं वर्ष. ६ ऑगस्टला जमैका स्वतंत्र झाला. केमनपुढे प्रश्न, जमैकाबरोबर जायचं की ब्रिटिश राजमुकुटाखाली राहायचं? तेव्हाची लोकसंख्या साडेआठ हजारांच्या आसपास, म्हणजे आपल्याकडचं एखादं मोठं गाव. त्यांनी राजमुकुट निवडला. आपल्याला भारतीय म्हणून हे जरा टोचतं, मलाही टोचायचं. एकदा ईस्ट एंडच्या एका आजोबांना, आयुष्य बोटीवर घालवलेल्या माणसाला, मी विचारलं की तुम्हाला स्वातंत्र्य नको वाटलं का. ते म्हणाले, मी चाळीस बंदरं पाहिली, स्वतंत्र झालेलीही पाहिली. आमच्याकडे विकायला होतं काय? पटो न पटो, हिशेब स्पष्ट होता.

मग विकायला काय काढलं? कायदा. १९६६ मध्ये बँका आणि ट्रस्ट कंपन्यांचा कायदा झाला, पुढच्या वर्षी ट्रस्टचा. व्हॅसेल जॉन्सन हे या बांधणीमागचं मोठं नाव; त्यांना पुढे 'सर' किताब मिळाला. शेजारचं बहामाज स्वातंत्र्याच्या वाटेवर होतं, ते १९७३ मध्ये स्वतंत्र झालं. बड्या ठेवीदारांना नवं सरकार काय करेल याची धास्ती, त्यामुळे बरीच कामं केमनकडे सरकली. केमननं विकलं ते हेच: इंग्रजी कायदा, वर लंडनचं कोर्ट, आणि करांच्या बाबतीत लंडनची ढवळाढवळ नाही. स्वतंत्र झाले असते तर पहिल्या दोन गोष्टींचा भरवसा गेला असता, ब्रिटनमध्ये विलीन झाले असते तर तिसरी गेली असती.

आता सरकार. सध्याची राज्यघटना २००९ ची. लंडननं नेमलेला गव्हर्नर असतो. संरक्षण, परराष्ट्र व्यवहार, पोलिसांसकट अंतर्गत सुरक्षा आणि सरकारी नोकरांच्या नेमणुका त्याच्याकडे. बाकी सगळं प्रीमियर, म्हणजे तिथला पंतप्रधान म्हणा, आणि मंत्रिमंडळाकडे. विधिमंडळात निवडून आलेले १९ जण, त्यांतले दोन सिस्टर आयलंड्सचे. २०२० पासून त्याला 'पार्लमेंट' म्हणतात. कागदावर हे नीटनेटकं दिसतं. खरी गंमत दोघांचं पटत नाही तेव्हा. दोन प्रसंग सांगतो, म्हणजे कलमं पाठ करावी लागणार नाहीत.

पहिला माझ्या डोळ्यांसमोरचा. २०१२ मध्ये केमनचं कर्ज वाढलं होतं आणि लंडननं सांगितलं की कमाई कुठून येणार ते दाखवल्याशिवाय अंदाजपत्रकाला मान्यता नाही. जुलैच्या अखेरीस तेव्हाच्या प्रीमियरनी जाहीर केलं की परवान्यावर काम करणाऱ्या बाहेरच्यांच्या पगारावर १० टक्के आकार बसवणार. फक्त बाहेरच्यांवर! आमच्या ऑफिसात त्या दिवशी कुणी एकाही फंडाचं काम केलं नसेल. केमेनियन, म्हणजे मूळचे तिथले, व्यापारीही आमच्या बाजूनं उभे राहिले. प्रेमापोटी नव्हे, भाडेकरू पळतील या भीतीनं. दोन आठवड्यांच्या आत प्रस्ताव मागे घेतला. यातून मी दोन गोष्टी शिकलो: शून्य कर हा दगडावरचा लेख नाही, आणि लंडन कर लावत नाही पण हिशेबाची वही मागून घेऊ शकतं.

दुसरा मी परतल्यानंतरचा. समलिंगी जोडप्यांना कायदेशीर नातं द्यावं असं कोर्टानं सांगितलं, सरकारनं विधेयक आणलं आणि जुलै २०२० मध्ये ते ९ विरुद्ध ८ मतांनी पडलं. गव्हर्नरनं घटनेतला राखीव अधिकार वापरून सप्टेंबरमध्ये कायदा स्वतःच लागू केला. बेटावर मोठा वाद झाला. कायद्याला पाठिंबा देणारे काही लोकही म्हणत होते की निवडून आलेल्यांनी नाही म्हटल्यावर लंडनच्या माणसानं हो म्हणणं ही लोकशाही कसली. प्रिव्ही कौन्सिलनं २०२५ मध्ये गव्हर्नरचा अधिकार योग्य ठरवला. राखीव अधिकार रोज वापरत नाहीत; पण तो आहे, हे दोन्ही बाजूंना ठाऊक असतं. टर्क्स अँड केकोस या दुसऱ्या ब्रिटिश प्रदेशात तर भ्रष्टाचाराच्या आरोपांनंतर लंडननं २००९ ते २०१२ थेट कारभारच हातात घेतला होता. केमनच्या पुढाऱ्यांना ते उदाहरण झोपेतही आठवतं.

इथवरचं ध्यानात घेतलंत तर पासपोर्टचा प्रश्न सोपा होतो. लंडनमध्ये जन्मलेल्या गोऱ्या इंग्रजालाही केमनमध्ये नोकरीसाठी वर्क परमिट लागतं. माझ्या शेजारच्या टेबलावरच्या मँचेस्टरच्या सहकाऱ्याला आणि मला इमिग्रेशनची रांग एकच होती. उलट, केमेनियन माणूस २००२ च्या कायद्यापासून ब्रिटिश नागरिकही असू शकतो. म्हणजे दरवाजा एकाच बाजूनं उघडतो. 'केमेनियन' असणं ही वेगळीच चीज आहे आणि ती ते जपून वाटतात. कारण उघड आहे: आज लोकसंख्या ८० हजारांच्या पुढे गेली आहे आणि तीत बाहेरचे निम्म्याहून जास्त. घरात पाहुणे यजमानांपेक्षा जास्त झाले तर यजमान किल्ल्या कमरेलाच लावून फिरणार.

तुमच्यासाठी याचा अर्थ असा. परमिट मालक काढतो, फी तो भरतो आणि परमिट त्याच्याशी बांधलेलं असतं. नोकरी बदलणं इथल्यासारखं सोपं नाही. सलग राहण्याची मर्यादा माझ्या वेळी नऊ वर्षं होती. आठ वर्षं पूर्ण झाली की कायम वास्तव्यासाठी अर्ज करता येई, गुण मोजून निर्णय होई. शिक्षण, व्यवसाय, बेटावर केलेली गुंतवणूक, समाजकार्य, यांचे गुण. शिवाय बेटाच्या इतिहास-संस्कृतीवर एक परीक्षा. (वरचा इतिहास उगाच नाही सांगितला.) अर्ज केला नाही किंवा बसला नाही तर नऊ वर्षांनी बेट सोडायचं, किमान वर्षभर. याला तिथे 'रोलओव्हर' म्हणतात. मी घर घेतलं नव्हतं, गुण जुळत नव्हते, आईचं वय झालं होतं. मी रोलओव्हर होऊन आलो. अर्ज मंजूर झाला तरी त्यापुढे ओव्हरसीज टेरिटरीचं नागरिकत्व, मग ब्रिटिश नागरिकत्वाची नोंदणी, आणि त्या टप्प्यावर भारतीय पासपोर्ट सोडावा लागतो. पाच-सहा वर्षांत पासपोर्ट, हे विसरून जा. मूल तिथे जन्मलं म्हणून तेही आपोआप केमेनियन किंवा ब्रिटिश होत नाही. हे नियम वरचेवर बदलतात आणि कल कडक करण्याकडेच आहे, म्हणून सही करताना त्या दिवशीचा नियम मालकाकडून लेखी घ्या.

टॅक्स. पगारावर शून्य, भांडवली नफ्यावर शून्य, कंपनीच्या नफ्यावरही शून्य. पण सरकार हवेवर चालत नाही. बहुतेक आयात मालावर २२ टक्क्यांच्या आसपास जकात, आणि तिथे मीठमिरचीपासून सगळं आयातच. तुमच्या परमिटची फी, फंड-कंपन्यांची नोंदणी फी, घरखरेदीवरचं मुद्रांक शुल्क, हे सगळं सरकारचं उत्पन्न. कर पगारातून नाही कापला, तरी वाणसामानातून, भाड्यातून, जेवणाच्या बिलातून कापला जातो. आमचं घरभाडं पगाराच्या तिसऱ्या हिश्श्याला भिडायचं. शाळेत जाणारी मुलं असतील तर खाजगी शाळेचा खर्च आधी विचारा. बाहेरच्यांच्या मुलांना बहुधा तिथेच घालावं लागतं. पगारातून ५ टक्के निवृत्तिवेतनाला जातात, तेवढेच मालक घालतो. आरोग्य विमा सक्तीचा आहे.

आणि हा भाग खास भारतीयांसाठी, कारण बेटावरचे जुने लोक तो सांगणार नाहीत. नोकरीसाठी जाताना त्या आर्थिक वर्षात भारतातले दिवस १८२ च्या आत ठेवा, म्हणजे सप्टेंबर संपायच्या आत निघालेलं बरं. दुसरं, २०२० च्या वित्त कायद्यानं एक नियम आणला: भारतीय नागरिकाचं परदेशी उत्पन्न वगळून उत्पन्न १५ लाखांवर असेल आणि तो कुठल्याच देशात करपात्र नसेल, तर त्याला भारताचा रहिवासी मानलं जातं. केमनवाले यात नेमके सापडतात. घाबरू नका: असा रहिवासी 'सामान्य रहिवासी' धरला जात नाही आणि तिथल्या पगारावर इथे कर बसत नाही. पण पुण्यातले दोन फ्लॅट भाड्यानं दिलेले आणि शेअर्सचं उत्पन्नही असेल, तर निघण्यापूर्वी एखाद्या सीएकडे तासभर बसाच. परत आल्यावर सामान्य रहिवासी झालात की तिथलं बँक खातं आणि निवृत्तिवेतनाचं खातं विवरणपत्रातल्या परदेशी मालमत्तेच्या तक्त्यात दाखवायचं. विसरलात तर काळ्या पैशाच्या कायद्याखाली दहा लाखांपर्यंत दंड होऊ शकतो. माहिती लपत नाही. भारत आणि केमन यांच्यात माहितीच्या देवाणघेवाणीचा करार २०११ पासून आहे आणि आता खात्यांची माहिती दरवर्षी आपोआप येते.

यावरून वडिलांच्या काळजीकडे. ती निराधार नाही. १९९१ मध्ये घोटाळ्यात बुडालेल्या बीसीसीआय (क्रिकेटचं मंडळ नव्हे) या बँकेचे धागे केमनपर्यंत होते. जॉर्ज टाउनमधल्या अगलँड हाउस या पाच मजली इमारतीच्या पत्त्यावर १८ हजारांहून जास्त कंपन्या नोंदलेल्या, आणि ओबामांनी त्यावरून जाहीर टोमणा मारला होता. २०२१ च्या फेब्रुवारीत काळ्या पैशावर नजर ठेवणाऱ्या एफएटीएफ या आंतरराष्ट्रीय संस्थेनं केमनला करड्या, म्हणजे जास्त देखरेखीच्या, यादीत टाकलं, ऑक्टोबर २०२३ मध्ये काढलं. पण तिथलं रोजचं काम काय असतं ते वडिलांना सांगा. अमेरिकेतला पेन्शन फंड, जपानची विमा कंपनी आणि आखातातला गुंतवणूकदार पैसे एकत्र करून समजा भारतात गुंतवणार आहेत. प्रत्येकजण आपापल्या देशात कर भरेल, भारत आपला घेईल. मधल्या जागी तिसरं जकात नाकं नको, म्हणून फंड केमनमध्ये नोंदवतात. नियामक संस्थेकडे असे हजारो फंड आहेत, आणि त्यांच्या वह्या लिहायला तुमच्यासारखे लोक लागतात. याच सोयीचा चोरटाही फायदा घेतो, घेणारच. पूल सगळ्यांसाठी असतो.

म्हणून नोकरी करण्यात धोका नाही, न वाचता सही करण्यात आहे. २०११ मध्ये विव्हरिंग नावाच्या फंडाच्या दोन संचालकांना केमनच्या ग्रँड कोर्टानं प्रत्येकी १११ दशलक्ष डॉलरना जबाबदार धरलं, कारण वर्षानुवर्षं समोर येईल त्यावर ते सह्या करत गेले. २०१५ मध्ये अपिलात निकाल फिरला, पण मधली चार वर्षं आमच्या धंद्यात कुणाला नीट झोप नव्हती. तुम्ही अकाउंटंट म्हणून जात आहात. तिथे गेल्यावर कुणी गोड बोलून 'नुसतं नावाला संचालक व्हा' म्हटलं तर नाही म्हणा.

वादळाचं विचारलं नाहीत, पण सांगतो. जून ते नोव्हेंबर मोसम. सप्टेंबर २००४ मध्ये आयव्हननं ग्रँड केमनचा बराच भाग पाण्याखाली घातला आणि बहुतेक घरांचं नुकसान केलं. त्यानंतरची बांधकामं भक्कम आहेत. घर बघताना समुद्र किती जवळ यापेक्षा जोतं किती उंच ते बघा. आणि वादळ येतंय म्हटल्यावर मालक बाहेर जायला विमानाचं तिकीट देतो का, हे मुलाखतीतच विचारा, लाजू नका.

शेवटचं काम आजच करा: ऑफर लेटर काढा आणि पगाराच्या आकड्याआधी कुठला डॉलर लिहिलाय ते पाहा. केमनचा स्वतःचा डॉलर आहे आणि १९७४ पासून एका केमन डॉलरचे १.२० अमेरिकन डॉलर असा दर बांधलेला आहे. दुकानातल्या किमती केमन डॉलरमध्ये असतात. माझ्या पत्रात नुसताच 'डॉलर' होता, मी आनंदानं केमनचा धरला होता, आणि तो अमेरिकन निघाला. पहिल्या पगाराला सहावा हिस्सा तिथेच गळाला.